खडा न् खडा माहिती

"तुम्ही हललात."

हे ऐकून आज चार दिवस झाले. मी हललो नव्हतो. पण ते सांगायला त्या वेळी माझं तोंड मोकळं नव्हतं, म्हणून आता सांगतोय.

जेवायला बसलं की उजव्या जबड्याखाली सुपारीएवढी गाठ टरारून यायची आणि जेवण आटोपलं की तासाभरात ओसरायची. डॉक्टरबाईंनी जिभेखाली बोट फिरवलं आणि म्हणाल्या, "लाळेच्या नळीत खडा असणार. ऑक्लुजल काढू." दाताच्या खुर्चीत बसलेल्या माणसाला 'काढू' हा शब्द जरा जपून सांगावा. मी दोन्ही हातांनी खुर्ची धरली. काढायचा होता एक्स-रे.

दातांच्या एक्स-रेची नेहमीची फिल्म ३१ बाय ४१ मिलिमीटरची. ऑक्लुजलची ५७ बाय ७६. आकडे वाचताना काही वाटत नाही. पण पत्त्याच्या पानाहून थोडंसंच आखूड असं ते पाकीट आडवं करून तोंडात सरकवलं, की त्याचे कोपरे गालांना आतून टोचायला लागतात आणि माणूस गिळायचं कसं हेच विसरतो. वर सूचना : "हलकेच चावून धरा. जोरात नको." मग खुर्ची मागे पाडतात, मान आणखी मागे टाकतात आणि यंत्राचं नळकांडं हनुवटीखाली आणून रोखतात. अशा अवस्थेत आपल्याला फक्त छत दिसतं. बाकी सगळ्यांना आपण दिसतो.

त्या बाकीच्यांत एक हिरव्या स्वेटरवाले गृहस्थ होते. त्यांच्या पत्नीचं रूट कॅनाल पलीकडच्या खोलीत चाललं होतं. तिचं तोंड तिथे उघडं ठेवून बंद केल्यामुळे यांना बोलायला कुणी उरलं नव्हतं. ते सरळ आत आले.

"काय झालंय यांना?"

"खडा," यंत्र जुळवणाऱ्या मुलीनं परस्पर सांगून टाकलं.

"खडा? तोंडात?" त्यांनी माझ्या खुर्चीभोवती एक फेरी मारली. "मला दोनदा झालाय. पण खाली. साहेब, तुमचा एवढा वर कसा चढला?"

"अं..."

"पाणी कमी पिता."

"अं-अं."

"बघा, कबूल करताहेत."

मराठीत 'अं-अं' म्हणजे नाही. पण त्याला मानेची साथ लागते. मान मागे पडलेली असली की तोच 'अं-अं' कबुलीजबाब होतो. पुढच्या दोन मिनिटांत मी रात्री जागतो, घाईघाईनं गिळतो आणि आजवर कुणाचं ऐकलेलं नाही, हे सगळं त्यांनी माझ्याकडून वदवून घेतलं. मुलगी हसत होती. मला हसता येत नव्हतं. चावून धरायचं होतं, हलकेच.

मग दोघं बाहेर गेले, दार लागलं, यंत्र 'टीं' म्हणालं, मुलगी फिल्म घेऊन गेली. थोड्या वेळानं परत आली ती नवं पाकीट घेऊनच. आधी तिनं ते माझ्या दातांत दिलं, मान मागे टाकली आणि मग म्हणाली, "काका, तुम्ही हललात. परत काढावा लागणार."

"हलले ना!" दारातून आवाज. "मी काचेतून बघत होतो. चांगले दोनदा हलले."

दोनदा! आरोपीलासुद्धा शेवटी विचारतात, तुला काही सांगायचंय का. मलाही विचारलं म्हणा. "सांगा साहेब, नाही हललात?"

"अं-अं."

"झालं तर."

पडल्या पडल्या मला ओटो वाल्कहोफ आठवला. रंटगेनला क्ष-किरण दिसले ८ नोव्हेंबर १८९५ला. पुढच्या जानेवारीतच या जर्मन दंतवैद्यानं काचेची फोटो-प्लेट गुंडाळून स्वतःच्या तोंडात धरली आणि दातांचा पहिला फोटो काढला. त्याला किरणांसमोर २५ मिनिटं राहावं लागलं. पंचवीस मिनिटं! आणि आता जिथे सेकंदाचाही पुरता वेळ लागत नाही, तिथे मी दोनदा हललो म्हणे. तेवढ्यात दोनदा हलायला अंगात यावं लागतं. वाल्कहोफच्या दाराला काच नसावी, आणि काचेमागे स्वेटर तर नसावाच.

दुसरी फिल्म धुऊन आली. डॉक्टरबाईंनी दोन्ही उजेडाला धरल्या आणि पहिली पाहून म्हणाल्या, "अगं, ही उलटी लावलीस की."

पाकिटात फिल्मच्या पाठीशी शिशाचा पातळ पत्रा असतो. पाकीट उलटं लागलं की किरण त्या पत्र्यातून येतात आणि त्याच्यावरची नक्षी फोटोत उमटते. माझ्या अंधूक जबड्यावरून चक्क टायरच्या खुणा गेल्या होत्या. वरच्या जबड्याला पाकिटाची पांढरी बाजू वर ठेवतात, खालच्याला खाली. सवयीनं हात गेला असेल पोरीचा. त्याचं मला काही नाही. पण 'तुम्ही हललात' हे काय? चूक झाली की समोरच्याच्या नावावर टाकायची, ही शिकवणी कुठे लावतात? फुकटचे किरण माझ्या जबड्यानं खाल्ले आणि आळही माझ्यावर. सॉरी कुणी म्हणालं नाही. डॉक्टरबाई "होतं असं" म्हणाल्या, तेही माझ्याकडे बघून, जणू मलाच माफ करत होत्या.

खडा मात्र सापडला. बाजूनं फोटो काढला तर तो जबड्याच्या हाडाआड लपतो, म्हणून फोटो खालून काढायचा. दहातले आठ लाळखडे या जबड्याखालच्या लाळग्रंथीचेच, बाई सांगू लागल्या. हिची लाळ दाट, आणि नळीला जिभेखालपर्यंत चढ चढावा लागतो.

"म्हणजे चढलाच ना!" स्वेटर विजयी. "बघू."

मी नाही म्हणेपर्यंत फिल्म त्यांच्या हातात. हा फोटो खालून असल्यामुळे त्यात दात उभे दिसत नाहीत, जबड्याच्या कडेनं पांढरे गोल ठिपके ओळीनं मांडल्यासारखे दिसतात. त्यांनी बोट ठेवून मोजायला सुरुवात केली. चेहरा उतरत गेला.

"साहेब," ते हळूच म्हणाले, "चौदा आहेत."

"ते दात आहेत," मी म्हणालो. म्हणजे म्हणायला गेलो. इतका वेळ ताणून धरलेल्या जबड्यातून आलं ते 'अं-अं'च होतं.

पैसे भरायला बाहेर आलो तेव्हा बाकावरच्या एका बाईंनी सरकून मला जागा करून दिली. "बसा हो. चौदा म्हणजे काय चेष्टा आहे?"