खडाखडी कापू नका

सांगलीकडच्या आमच्या गावात यात्रेच्या कुस्त्यांचं चित्रण कसं करायचं यावरून ग्रुपवर दोन दिवस वाद चालला आहे. भाच्यानं लिहिलं, "मामा, खडाखडी कोण बघतंय? डाव बसला तेवढे वीस सेकंद टाकायचे, मागं गाणं. जुन्या कॅसेटी द्या टाकून." त्याखाली अंगठ्यांची रांग. खडाखडी म्हणजे डाव टाकण्याआधी पैलवान उभ्यानं हात भिडवून एकमेकांचा अंदाज घेतात ते. मला फार लागलं.

मी इंग्लंडमध्ये ब्रॅडफर्डला राहतो. १८९९ साली छायाचित्रकार सावे दादांनी, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी यांची कुस्ती टिपली. तो कॅमेरा याच गावच्या रायली ब्रदर्सकडून मागवला होता. आपल्या देशातल्या अगदी सुरुवातीच्या चित्रीकरणांत तालमीतली माणसं होती, आणि ती फीत आज बघायला मिळत नाही.

भाचा म्हणतो, तेव्हाच्या फिती तरी कुठं लांब होत्या? नव्हत्याच. १८९४ साली एडिसनच्या स्टुडिओत मुष्टियोद्धे लढले ते मिनिटामिनिटाच्या फेऱ्यांत, कारण फीतच संपायची. बघणारा कंटाळेल म्हणून कुणी कात्री लावली नव्हती. १८९७ मध्ये सिडनीत क्रिकेटपटू रणजितसिंहजींचा नेटमधला सराव टिपला, त्यात कॅमेरा एका जागी उभा आहे. म्हणूनच त्यांचं मनगट दिसतं.

इथून तासाभरावर ब्लॅकबर्न. १९९४ मध्ये तिथल्या एका दुकानाच्या तळघरात, पिंपांत, मिचेल आणि केनियन या जुन्या चित्रीकरण करणाऱ्या जोडीची आठशेच्या आसपास निगेटिव्ह सापडली. त्यातला १९०२ चा बर्नलीचा फुटबॉल सामना मी पाहिला आहे. खेळापेक्षा कडेच्या गिरणी कामगारांकडेच बघत बसलो. इथं असलं जपतात, हे मी ग्रुपवर जरा चढ्या आवाजातच लिहिलं.

त्यावर भाच्यानं एवढंच विचारलं, "आणि आजोबांची कॅसेट?"

वडिलांची एक निकाली कुस्ती व्हिडिओ कॅसेटवर होती. दर सुट्टीत ती इकडे न्यायची म्हणायचो आणि बॅगेत मसाले भरून निघायचो. २०१९ च्या पुरात कपाटासकट गेली. इथं आजोबा कसे लढायचे, असं मुलगा विचारतो तेव्हा मी स्वयंपाकघरात हात पुढं करून खडाखडी दाखवतो. त्यांचा डावा पाय पुढं असायचा की उजवा, ते मला आठवत नाही.