चांदीच्या बाथमधली चांदी कमी होते, आणि किती झाली ते काढता येतं

विटा, खानापूर, आटपाडीकडची माणसं गलाईच्या (सोनं-चांदी गाळून शुद्ध करण्याच्या) धंद्यासाठी देशभर पसरली आहेत. विजेने चांदी शुद्ध करण्याचा एक मजकूर त्यांच्या मोबाइलवर सारखा फिरत असतो. या पद्धतीत सिल्व्हर नायट्रेटच्या द्रावणात, म्हणजे बाथमध्ये, करंट सोडतात: अशुद्ध चांदीचा अ‍ॅनोड विरघळतो आणि कॅथोडवर शुद्ध चांदी बसते. त्या मजकुरातले तीन दावे असे. एक, कॅथोडवर जेवढी चांदी बसते तेवढीच अ‍ॅनोडवरून उतरते, म्हणून बाथ कायम तसाच राहतो. दोन, घट काढायचीच तर अ‍ॅम्पिअर-तासांना (करंट गुणिले तास) ४.०२५ ने गुणून लिटरने भागा. तीन, बाथ निळा झाला की चांदी संपली समजा. तिन्ही चुकीचे आहेत, आणि पहिले दोन तर एकमेकांनाच खोडतात.

पहिला दावा अ‍ॅनोड शंभर टक्के शुद्ध असेल तरच खरा. मग शुद्धीकरण कशाला करायचं? ९० टंचाच्या, म्हणजे ९० टक्के चांदीच्या, अ‍ॅनोडमध्ये बाकीचं १० टक्के तांबं धरू. करंट अ‍ॅनोडवरून दोन्ही धातू उतरवतो, पण बाथ नीट असेल तर कॅथोडवर फक्त चांदी बसते. तांब्याचा एक अणू दोन इलेक्ट्रॉन सोडतो आणि तेवढ्यावर चांदीचे दोन अणू बसतात. ते दोन्ही बाथमधूनच जातात. चांदीच्या दोन अणूंच्या वजनाला (२१५.७४) तांब्याच्या एका अणूच्या वजनाने (६३.५५) भागलं की ३.३९५ येतात. म्हणजे १ ग्रॅम तांबं उतरलं की बाथमधली जवळजवळ ३.४ ग्रॅम चांदी गेली.

दुसऱ्या दाव्यातला आकडा बरोबर आहे, वापर चुकीचा आहे. ४.०२५ ग्रॅम ही एका अ‍ॅम्पिअर-तासाला कॅथोडवर बसणारी चांदी, बाथमधली घट नव्हे. समजा बाथ ५० लिटरचा आहे, लिटरला १०० ग्रॅम चांदी आहे आणि १०० अ‍ॅम्पिअर ८ तास चालवले. ८०० अ‍ॅम्पिअर-तासांत ३२२० ग्रॅम चांदी बसेल. तेवढ्याच विजेत ९० टंचाचा २५९८ ग्रॅम अ‍ॅनोड विरघळतो: चांदी २३३८, तांबं २६०. घट ८८२ ग्रॅम, लिटरला १७.६. बाथ ८२.४ वर येतो. पहिल्या दाव्याने तो १०० वरच राहिला असता, दुसऱ्याने ३५.६ वर गेला असता.

हाही कागदावरचा हिशोब आहे. कॅथोडवर बसणाऱ्या चांदीचे सुटे खडे वाढत जाऊन अ‍ॅनोडला टेकले की शॉर्ट होतं. मीटर करंट दाखवतो, पण चांदी बसत नाही. अ‍ॅसिड जास्त असेल तर बसलेली चांदी थोडी परत विरघळते, काही करंट नायट्रेटवरच खर्च होतो. म्हणून वजनावर भरवसा ठेवा. अ‍ॅनोडची वजनातली घट गुणिले टंच, ही उतरलेली चांदी. धुऊन वाळवलेले खडे म्हणजे बसलेली चांदी. दोन्हींतला फरक म्हणजे बाथची घट.

तिसऱ्या दाव्याला एक वाक्य पुरे: निळेपणा तांब्याचा असतो आणि सिल्व्हर नायट्रेटला रंगच नसतो. चांदी मोजायची तर १० मिली बाथ डिस्टिल्ड पाण्याने २५० मिली करा. त्यातले २५ मिली घ्या, नायट्रिक अ‍ॅसिड घालून उकळा आणि थंड करा. उकळणं टाळू नका. नायट्रस अ‍ॅसिड राहिलं तर पुढे घालायच्या थायोसायनेटबरोबर तेही लाल रंग देतं आणि कुठे थांबायचं ते चुकतं. मग रंग दाखवणारं फेरिक अ‍ॅलम घालून ०.१ मोलर पोटॅशियम थायोसायनेटचं द्रावण थेंबथेंब सोडत जा. हलवूनही लालसर छटा टिकली की थांबा. लागलेले मिली गुणिले १०.७९ म्हणजे थेट ग्रॅम प्रति लिटर. ८२.४ च्या बाथला साधारण ७.६ मिली लागतात.

हे मोजणं महत्त्वाचं, कारण कॅथोडजवळची चांदी विरळ झाली की तांबंही बसू लागतं आणि सगळी मेहनत वाया जाते. भर शुद्ध चांदीच्या नायट्रेटची घाला. ते बनवताना निघणारा तपकिरी धूर विषारी असतो, काम एक्झॉस्टखालीच करा. पातळी राखायला बोअरचं पाणी ओतू नका: त्यातलं १ ग्रॅम क्लोराइड ३ ग्रॅम चांदी पांढऱ्या गाळात बसवतं, आणि ती घट करंटच्या किंवा वजनाच्या हिशोबात दिसत नाही, थायोसायनेटच्या मोजणीतच दिसते.