निरंक असल्यास तसे कळवावे

महापालिकेच्या शाळेत नुकतेच रुजू झालात ना? अभिनंदन! शिक्षक भरतीच्या पवित्र पोर्टलवर पसंतीक्रम भरताना जी चिकाटी दाखवलीत ती तेवढी जपून ठेवा, डी.एड.ला शिकलेलं बाकी काही लागत नाही. मी सतरा वर्षं या नोकरीत आहे, तेव्हा अनुभवाच्या चार गोष्टी सांगते. फुकट सांगते. आमच्याकडे सगळं फुकटच असतं, म्हणून तर कुणी किंमत करत नाही.

सगळ्यात आधी मोबाइल. खडू विसरलात तर शेजारच्या वर्गातून मागता येतो, चार्जर कुणी देत नाही. पॉवर बँक घ्या, डेटा पॅक मोठा मारा, आणि पहिल्याच दिवशी सगळ्या ग्रुपांत सामील व्हा. शाळेचा ग्रुप, विभागाचा ग्रुप, पोषण आहाराचा, आधारचा, मतदार यादीचा, आणि एक ‘फक्त महत्त्वाच्या सूचना’ नावाचा, ज्यात सुप्रभातची फुलं येतात. भाषा वेगळी असते, गोंधळू नका. ‘तात्काळ’ म्हणजे संध्याकाळपर्यंत. ‘अतितात्काळ’ म्हणजे कालपर्यंत. ‘आपल्या स्तरावरून’ म्हणजे तुमच्या खिशातून, आणि ‘लोकसहभागातून’ म्हणजे तुमच्या नवऱ्याच्या खिशातून. सगळ्यांत गोड शब्द ‘निरंक’. काही नसेल तर काही नाही असं विहित नमुन्यात, सहीशिक्क्यानिशी, हार्ड आणि सॉफ्ट दोन्ही कॉपींत कळवायचं. काहीच न घडल्याचा पुरावा मागणारं दुसरं खातं मला तरी माहीत नाही.

पाठ टाचण सुंदर अक्षरात काढा. पाठ कसा झाला हे कुणी विचारत नाही.

कायदा अजिबात वाचू नका. 2009 चा शिक्षण हक्क कायदा, त्यातलं कलम 27 तर नकोच नको. त्यात म्हटलंय की शिक्षकाला शिकवण्याबाहेरची कामं देऊ नयेत. अपवाद तीनच, दर दहा वर्षांची जनगणना, आपत्ती निवारण आणि निवडणुका. वाचलंत की झोप उडते. जनगणना म्हणाल तर 2021 ची लांबत लांबत 2027 वर गेली, मग मधल्या काळात आपण रिकामे बसू नये म्हणून निरक्षरांचा शोध असतो, शालाबाह्य मुलांचा शोध असतो. वर्गातली चाळीस मुलं सोडून बाहेरच्या दोघांना शोधायला वस्तीत जायचं. परत येईपर्यंत या चाळिसांतली निम्मी मनाने शालाबाह्य झालेली असतात. निवडणूक हा शब्द तर रबराचा आहे. मतदान एका दिवसाचं, मतदार यादी बारमाही. सर्वोच्च न्यायालयाने दिल्लीच्या एका शाळेच्या प्रकरणात 2007 मध्येच सांगून ठेवलंय की ही कामं शिक्षकांना सुट्टीच्या किंवा न शिकवण्याच्या दिवशी द्यावीत, शिकवण्याच्या वेळात सहसा देऊ नयेत. त्या ‘सहसा’त आमची अख्खी शाळा बसते.

मुलांवर विश्वास ठेवू नका, पोर्टलवर ठेवा. माझ्या वर्गात 41 मुलं आहेत. रोज हजेरी घेते, मोजते. पण मुलांची नोंद ठेवणाऱ्या सरकारी पोर्टलच्या मते ती 36 आहेत, कारण पाच जणांचं आधार जुळत नाही. एकाचं नाव आधारवर आणि जनरल रजिस्टरमध्ये एका मात्रेने वेगळं. दोघा भावंडांची जन्मतारीख 1 जानेवारी, वर्षही एकच, आणि ती जुळी नाहीत. संचमान्यता, म्हणजे शाळेला किती शिक्षक मंजूर हे ठरणं, होणार आधार जुळलेल्या मुलांवर, म्हणजे उरलेल्या पाच जणांना शिकवायला सरकारदरबारी कुणी मंजूर नाही. कायद्याच्या अनुसूचीत प्राथमिकला 30 मुलांमागे एक शिक्षक लिहिलाय, ते जाऊ द्या, आपण कायदा वाचायचा नाही असं ठरलंय. मी त्यातल्या एका आईला बोलावून घेतलं. ती धुण्याभांड्याची कामं करते. एक दिवस खाडा करून ती रांगेत उभी राहिली, तिथे सांगितलं जन्मदाखला आणा. दाखला गावी, गाव विजापूरच्या पुढे. दुसऱ्या दिवशी शाळेत येऊन मला म्हणाली, “बाई, पोरगं रोज येतंय ना पण?” मी म्हटलं, रोज येतं. फक्त दिसत नाही.

खिचडीची चव आधी तुम्ही घ्यायची आणि रजिस्टरमध्ये नोंदवायची. चव कशीही असो, ‘उत्तम’ लिहा.

भाषेच्या वादात पडू नका. 2025 च्या एप्रिलपासून जूनअखेरपर्यंत पहिलीपासून तिसरी भाषा हवी की नको यावर सगळा महाराष्ट्र भांडला, आणि शेवटी शासनाने निर्णय मागे घेतला. बरं झालं. त्या तीन महिन्यांत कुणी माझ्या वर्गात डोकावलं असतं तर कळलं असतं की इथे घरी वडारी बोलणारी आहेत, गोरमाटी बोलणारी आहेत, दोघं भोजपुरी बोलणारी आहेत, आणि या सगळ्यांना मराठीच दुसरी किंवा तिसरी भाषा आहे. ‘जवस’ म्हणजे काय विचारलं तर तोंडाकडे बघतात. त्यांच्यासाठी मराठी कशी शिकवावी याचं प्रशिक्षण मला आजतागायत मिळालेलं नाही. प्रशिक्षणात कसं बसावं हे शिकवणारं प्रशिक्षण मात्र दोनदा झालंय.

आता सगळ्यात महत्त्वाचा सल्ला, आणि तो मागच्या मंगळवारचा ताजा आहे. मूल शिकायच्या बेतात आलं की लगेच थांबा.

झालं असं. तिसरीचा वर्ग, दुपारचं सत्र, हातच्याची वजाबाकी. फळ्यावर 52 वजा 27. तिसऱ्या बाकावरची एक मुलगी, तिला आपण चिमी म्हणू, जूनपासून त्याचं उत्तर 35 काढते. सातातून दोन गेले पाच, पाचातून दोन गेले तीन. मोठ्यातून लहान वजा करायचं एवढंच तिला पक्कं ठाऊक, मग मोठा आकडा वर असो की खाली. तोंडी सांगून झालं, फळ्यावर करून झालं, मणी झाले, चित्रं झाली. शेवटी आईस्क्रीमच्या काड्या आणल्या, आपल्या स्तरावरून. दहादहाचे गठ्ठे रबर लावून बांधले. तिच्यापुढे पाच गठ्ठे आणि दोन सुट्या काड्या ठेवल्या आणि म्हटलं, “मला सात काड्या दे.” तिने दोन सुट्या दिल्या. मग हात थांबला. गठ्ठ्यांकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, परत गठ्ठ्यांकडे. मागची पोरंसुद्धा गप्प झाली. तिने एक गठ्ठा उचलला, रबरात बोट अडकवलं आणि विचारलं, “बाई, हा सोडू?”

सतरा वर्षांत हा प्रश्न मी फार तर शंभर वेळा ऐकला असेल. पगार त्याच्यासाठी घेते मी.

आणि फोन वाजला. अतितात्काळ. कुठलासा दिन होता, मला आजही नाव नीट आठवत नाही. त्यानिमित्त सर्व विद्यार्थ्यांनी प्रतिज्ञा घेतल्याचं छायाचित्र, पाठीमागे फलक, खाली तारीख, वेळ आणि अक्षांश-रेखांश छापलेले, दोन वाजेपर्यंत लिंकवर. एक वाजून दहा मिनिटं झाली होती. फलक कुठाय? फलक आपल्या स्तरावरून. मुख्याध्यापक बाई दारात येऊन उभ्या. त्या वाईट नाहीत हो, त्यांना वरून फोन होता आणि वरच्यांना त्यांच्या वरून. चार्ट पेपरवर मी स्केचपेनने फलक रंगवला. 41 मुलं, की 36 म्हणू, उन्हात मैदानावर उंचीप्रमाणे उभी केली. हात पुढे. शेवटच्या रांगेतल्याने डावा हात पुढे केला म्हणून पुन्हा. प्रतिज्ञेत ‘कटिबद्ध’ होतं, ते मुलांनी ‘कटिबंध’ म्हटलं, पण फोटोत आवाज येत नाही म्हणून ते चाललं. फोटो पाठवला. दहा मिनिटांत परत आला. अक्षांश-रेखांशाखाली पत्ता शाळेचा नाही, मागच्या गल्लीतल्या सार्वजनिक शौचालयाचा उमटलाय. पुन्हा काढा. पुन्हा मैदान, पुन्हा उंची, पुन्हा हात. एका पोराला भोवळ आली, त्याला सावलीत बसवला आणि त्याच्या जागी चौथीतला एक उंच मुलगा उभा केला, कारण लिंकवर संख्या आधीच भरून झाली होती. मुले किती, मुली किती, त्यांपैकी दिव्यांग किती, अल्पसंख्याक किती. सादर करा. सर्व्हर डाउन. साडेतीनला गेला एकदाचा. चार वाजता ग्रुपवर आलं: ‘ज्या शाळांनी कार्यक्रम घेतला नाही त्यांनी निरंक असल्यास तसे कळवावे.’

वर्गात परत आले तर काड्या बाकाखाली सांडलेल्या. एकाने त्यांची तलवार केली होती. चिमीने माझी वाट बघून बघून वहीत उत्तर लिहून ठेवलं होतं. 35.

साहेब, काय केलंत त्या फोटोचं? विचारते मी, काय केलंत? कुणी उघडून पाहिला? मैदानातली ती 41 तोंडं कुणी मोठी करून बघितली? त्यातल्या किती जणांना प्रतिज्ञेतलं एक वाक्य वाचता येतं ते विचारलं कुणी? कायदा म्हणतो पहिली ते पाचवीला वर्षाला शिकवण्याचे 800 तास हवेत. त्यातले अडीच तुम्ही एका दुपारी एका फोटोसाठी खाल्लेत आणि वर मला विचारता, मुलांना वजाबाकी का येत नाही! सावित्रीबाईंनी 1848 मध्ये भिडेवाड्यात मुली शिकवल्या तेव्हा अंगावर शेण आलं, लिंक आली नाही. 3 जानेवारीला त्यांच्या तसबिरीला हार घालतानाचा फोटोही तुम्हाला दुपारी बारापर्यंतच पाहिजे असतो.

आणि नुसते साहेबच नाहीत. तुम्हीही. लग्नात भेटता, लिफ्टमध्ये भेटता, “तुमचं बरंय बुवा, सुट्ट्याच सुट्ट्या आणि पगार आयोगाचा.” गेल्या वीस वर्षांत महापालिकेच्या शाळेची पायरी किती वेळा चढलात? मतदानाला चढता तेवढंच. माझ्याच वर्गात येता, बोटाच्या शाईचा फोटो काढता आणि निघता. भिंतीवर आदल्या दिवसापर्यंत पाढ्यांचे तक्ते होते, ते आम्ही उतरवून ठेवलेले असतात. जिच्या हातची पोळी खाता तिची मुलगी माझ्या वर्गात आहे. तिला वजाबाकी येते का, हे तुम्ही तिला कधी विचारलंत? गावात निदान घरोघर जाऊन दुसरीचा उतारा वाचायला देणारी ‘असर’ची पाहणी होते. ती ग्रामीण भागापुरती. शहरातल्या चिमीच्या झोपडीचं दार त्यासाठी कुणी वाजवत नाही.

आम्हीही काही सोवळ्यातले नाही. आमच्यात असे आहेत ज्यांना लिंक आली की हायसं वाटतं, कारण शिकवण्यापेक्षा भरणं सोपं. लाज वाटू द्या. माझा स्वतःचा मुलगा खाजगी इंग्रजी शाळेत शिकला, हे मी लपवत नाही, मलाही वाटू द्या. साहेबांचं पोर इथे नाही, नगरसेवकाचं नाही, तुमचं नाही, माझं नाही. म्हणून तर भर तासाला वर्ग उठवून उन्हात उभा केला तरी कुणाच्या पोटात दुखत नाही. एखाद्या महागड्या शाळेत वजाबाकी थांबवून मुलांना दोनदा मैदानात काढा बरं. फाटकाबाहेर संध्याकाळपर्यंत गाड्यांची रांग लागेल.

तेव्हा साहेब, फोटोच पाहिजे असेल तर दुपारच्या सत्रात स्वतः या. शेवटच्या बाकावर जागा आहे, जरा खिळा वर आलाय, जपून बसा. फोन बंद करा. एका पोरीला काड्यांचा एक गठ्ठा सोडायला दहा मिनिटं लागतात. तेवढा वेळ तोंड मिटून गप्प बसा.