४ डिसेंबर, सिंधुदुर्ग आणि कराची: फॉरवर्डमधली चार वाक्यं

नोव्हेंबर संपत आला की हा मजकूर दरवर्षी फिरायला लागतो. यंदा तो भाचीच्या शाळेतल्या भाषणात जसाच्या तसा उतरला, म्हणून आता गप्प बसवत नाही. मजकूर थोडक्यात असा: ‘४ डिसेंबर १६६४ रोजी शिवाजी महाराजांनी सिंधुदुर्गाची पायाभरणी करून नौदल स्थापन केलं, म्हणून हा नौदल दिन. आजवर हे दडपलं गेलं. १९७१ मध्ये याच दिवशी विक्रांतच्या विमानांनी कराची जाळली. जहाजावर क्षेपणास्त्र डागण्याची ती जगातली पहिलीच वेळ.’

आधी विक्रांतचं बघू, कारण सगळ्यात मोठा अन्याय तिथे झालाय. ४ डिसेंबर १९७१ ला विक्रांत ही विमानवाहू नौका बंगालच्या उपसागरात होती. एका बॉयलरला तडे गेलेले, त्यामुळे वेगावर मर्यादा. तशातही तिची सी हॉक विमानं त्या दिवशी तेव्हाच्या पूर्व पाकिस्तानातल्या कॉक्स बाझार आणि चितगावावर हल्ले करत होती. तिथून कराची म्हणजे देशाचं दुसरं टोक. विमानं मध्ये चहाला थांबली होती की काय?

कराचीवर गेल्या त्या निर्घात, निपात आणि वीर या तीन मिसाइल बोटी. सोव्हिएत बनावटीच्या, जेमतेम दोनशे टनांच्या. प्रत्येकीवर चार क्षेपणास्त्रं, म्हणजे तिघींची मिळून बारा, आणि पल्ला साधारण ७५ किलोमीटर. या बोटी बांधलेल्या होत्या आपल्याच बंदराच्या राखणीसाठी: बाहेर यायचं, मारा करायचा, परत आत. शत्रूच्या दारात जाऊन परतण्याइतकं इंधन त्यांच्यात मावत नाही आणि रडारची नजरही मर्यादित. म्हणून बोटी दोराने ओढत नेण्याचा सराव आधीच करून ठेवला होता. मोहिमेत सोबतीला किलतान आणि कछाल ही दोन मोठी जहाजं होती. रडारवर लक्ष्य आधी हेरणं आणि पाणबुडीपासून राखण करणं हे त्यांचं काम. शिवाय इंधनासाठी पोशक हे टँकर जहाज. वेळ रात्रीचीच निवडली, कारण पाकिस्तानी हवाई दलाला अंधारात समुद्रावरची बोट हुडकून मारण्याची सोय नव्हती. उजाडायच्या आत त्यांच्या टप्प्याबाहेर पडायचं, एवढ्यावर सगळा हिशेब.

पावणेअकराच्या सुमारास निर्घातने पहिलं क्षेपणास्त्र सोडलं. खैबर या विनाशिकेवरच्या लोकांना वाटलं विमान आलं. त्यांनी विमानविरोधी तोफा उजेडाच्या दिशेने चालवल्या. पहिलं लागलं, मग दुसरं, आणि खैबर बुडाली. मुहाफिज हा सुरुंगशोधक वीरने बुडवला. निपातने व्हीनस चॅलेंजर हे मालवाहू जहाज आणि शाहजहान ही विनाशिका टिपली. मालवाहू बुडालं, शाहजहान निकामी झाली. आपल्या बाजूला जीवितहानी शून्य. हे ऑपरेशन ट्रायडंट. चार दिवसांनी दुसरी फेरी झाली, ऑपरेशन पायथन. त्या वेळी विनाश या एकट्या बोटीने चार क्षेपणास्त्रं सोडली आणि कराची बंदरातल्या केमारीच्या तेलटाक्या पेटल्या. मधल्या काळात धसका असा की ६ डिसेंबरला पाकिस्तानी विमानांनी स्वतःच्याच झुल्फिकार या युद्धनौकेवर गोळ्या झाडल्या, भारताची मिसाइल बोट समजून. इतकं सगळं असताना श्रेय विक्रांतला द्यायचं म्हणजे या बोटींच्या तुकडीच्या, पंचविसाव्या मिसाइल स्क्वाड्रनच्या तोंडाला पानं पुसणं झालं.

आता तारीख. मे १९७२ मध्ये वरिष्ठ नौदल अधिकाऱ्यांच्या परिषदेत ठरलं की यापुढे नौदल दिन ४ डिसेंबरला पाळायचा, कराचीवरच्या हल्ल्याची आठवण म्हणून. त्याआधी तो १५ डिसेंबरला असे. निर्णयाची परिषद, महिना, वर्ष, कारण सगळं नोंदलेलं आहे. त्यात १६६४ कुठेच येत नाही.

सिंधुदुर्गाची पायाभरणी मार्गशीर्ष वद्य द्वितीया, शके १५८६ ची. इतिहासाच्या पुस्तकांत तिची तारीख २५ नोव्हेंबर १६६४ येते, ती जुन्या ज्युलियन पंचांगाची. आजच्या कॅलेंडरवर आणायला दहा दिवस मिळवायचे, की ५ डिसेंबर येतो. म्हणजे ओढूनताणून जमवलं तरी एका दिवसाने हुकतं. आणि किल्ल्याची पायाभरणी म्हणजे आरमाराची स्थापना कशी? कल्याण-भिवंडी २४ ऑक्टोबर १६५७ ला हाती आली आणि त्यानंतर कल्याणच्या खाडीत जहाजं बांधायला लागली. १६५९ पर्यंत पोर्तुगीज कारागीर तिथे कामाला होते, पुढे पोर्तुगिजांनी त्यांना फितवून नेलं. सिंधुदुर्ग यायच्या आधीच आरमार पाण्यात होतं. फॉरवर्ड महाराजांचा मान वाढवायला निघालाय आणि त्यांच्याच आरमाराची पाच-सात वर्षं कापून टाकतोय.

‘दडपलं गेलं’ यात थोडं तथ्य आहे, तेवढं देऊन टाकतो. नौदलाची अधिकृत वंशावळ ईस्ट इंडिया कंपनीच्या १६१२ च्या सुरतेकडच्या जहाजांपासून सांगितली जायची. पहिला नौदल दिन १९४४ मध्ये २१ ऑक्टोबरला झाला, म्हणजे नेमका ब्रिटिश नौदलाच्या ट्रफाल्गरच्या विजयाच्या दिवशी. सेंट जॉर्जचा क्रूस, म्हणजे इंग्लंडच्या झेंड्यावरची लाल फुली, मधली दोन-तीन वर्षं सोडली तर २०२२ पर्यंत नौदलाच्या ध्वजावर होता. २ सप्टेंबर २०२२ ला तो गेला आणि महाराजांच्या राजमुद्रेवरून घेतलेला अष्टकोन आला. पण लोणावळ्याची आयएनएस शिवाजी ही संस्था १९४५ पासून त्याच नावाची आहे, नाव ब्रिटिशांच्या काळातलं. मुंबईच्या तळाला आंग्रे हे नाव १९५१ मध्ये मिळालं. दडपणाऱ्यांनी काम फारच ढिसाळ केलं म्हणायचं.

‘जगातली पहिलीच वेळ’ तर सरळ खोटं. २१ ऑक्टोबर १९६७ ला इजिप्तच्या मिसाइल बोटींनी याच जातीच्या क्षेपणास्त्रांनी इस्रायलची एलात ही विनाशिका बुडवली होती.

या गोंधळाला खतपाणी मिळालं २०२३ मध्ये. त्या वर्षी नौदल दिनाचा मुख्य सोहळा सिंधुदुर्गात झाला, मालवणात राजकोटावर महाराजांच्या पुतळ्याचं अनावरण झालं, आणि लोकांनी नौदल दिन आणि सिंधुदुर्ग यांची गाठ मारली. तो सोहळा आता जागा बदलत फिरतो: २०२२ ला विशाखापट्टणम, २०२४ ला पुरी. तेव्हा कुणी ४ डिसेंबरला युद्धनौका बघायला मालवणजवळच्या तारकर्लीची खोली आगाऊ पैसे भरून धरत असेल, तर आधी त्या वर्षीचं ठिकाण नौदलाच्या घोषणेत बघून घ्या.