लुईझियानाची फ्रेंच वाचवायचीय? या, मोबाइल घेऊन या!

ह्यूस्टनहून वीकेंडला लुईझियानातल्या लाफायेटला येताय? जरूर या. केजन लोकांची, म्हणजे इथल्या जुन्या फ्रेंच वसाहतकऱ्यांच्या वंशजांची, फ्रेंच शेवटच्या घटका मोजतेय म्हणे, तेव्हा तुमच्यासारख्या रसिकांनी हातभार लावायलाच हवा. मी इथलाच रहिवासी, पाहुणे वरचेवर येतात, म्हणून चार सूचना.

आधी फ्रेंच घोषवाक्याचा टी-शर्ट घ्या. निम्मं काम तिथंच झालं.

मार्डी ग्राच्या सणाला मामू गावी जा. मुखवटे घातलेले घोडेस्वार गात गात घरोघर गम्बो नावाच्या रश्श्यासाठी कोंबडी मागतात. गाणं फ्रेंच असतं, तिकडे दुर्लक्ष करा. कोंबडीचा व्हिडिओ काढा.

क्रॉफिश खा.

आणि नाचाच्या हॉलमध्ये दोन म्हातारे फ्रेंचमध्ये गप्पा मारताना दिसले, की मोबाइल थेट तोंडासमोर धरा. 'अंकल, से समथिंग इन फ्रेंच!' गेल्या शनिवारी माझ्या पाहुण्यांनी हेच केलं. म्हातारबुवा भला माणूस, बोलला दोन वाक्यं. त्यावर पुण्यात फ्रेंचच्या परीक्षा दिलेल्या आमच्या वहिनी म्हणाल्या, ही काही खरी फ्रेंच नाही. मोठ्यानं, आणि त्यालाही कळावं म्हणून इंग्रजीत!

तेव्हा चूक दिसली की जागच्या जागी सुधारा. इथं तशी परंपराच आहे. १९२१ च्या राज्यघटनेनं सरकारी शाळांतलं शिक्षण फक्त इंग्रजीत आणलं. पोरांच्या तोंडून फ्रेंच निघाली की मार, नाहीतर 'मी शाळेत फ्रेंच बोलणार नाही' हे पानंच्या पानं लिहायचं. लघवीला जाऊ का, हे इंग्रजीत विचारता येईना म्हणून पोरांच्या चड्ड्या वर्गातच ओल्या व्हायच्या. ही पोरं मोठी झाली आणि आपल्या लेकरांशी इंग्रजीत बोलू लागली. कोण दोष देईल त्यांना? मग १९६८ साली सरकारलाच फ्रेंचचा पुळका आला, 'कोडोफिल' ही फ्रेंच जपणारी सरकारी संस्था निघाली. शिक्षक आणले फ्रान्स, बेल्जियम, क्वेबेकहून! आजी शेजारच्या घरात बसलेली, तिला कुणी विचारलं नाही. वर तिची फ्रेंच अशुद्ध ठरली.

पुरे झाला विनोद. वहिनी, लाज वाटायला हवी होती. इथल्याच पॉइंट-ओ-शियेन गावच्या पालकांनी फ्रेंच माध्यम मागितलं, तरी २०२१ मध्ये गावची शाळा बंद केली. ते हटले नाहीत, २०२३ मध्ये फ्रेंच शाळा उघडून घेतली. तुम्हाला साधं त्या म्हाताऱ्याशेजारी बसवलं नाही? तुम्हाला तर फ्रेंच येते! मोडकीतोडकी बोलला असतात तरी त्यानं तासभर गप्पा मारल्या असत्या. परीक्षक व्हायला कुणी बोलावलं होतं? आणि तो व्हिडिओ ग्रुपवर टाकलाय, तो आधी काढा.