‘संतकृपा झाली’ बहिणाबाई चौधरींचा नव्हे

ठाण्याच्या नौपाडा-पाचपाखाडीतल्या ग्रुपांवर सध्या एक पोस्ट फिरतेय: ‘संतकृपा झाली, इमारत फळा आली’ हा अभंग जळगावच्या बहिणाबाई चौधरींचा, ‘बहिणाबाईंची गाणी’मधला. सोबत त्यांचा फोटोही. हे साफ चूक आहे.

अभंग संत बहिणाबाईंचा. या सतराव्या शतकातल्या, तुकोबांच्या शिष्या. समाधी वैजापूर तालुक्यातल्या शिऊरला. अभंगाच्या शेवटी ‘बहेणी’ ही नाममुद्रा येते, बहुधा तिथेच गल्लत झाली. बहिणाबाई चौधरी जन्मल्या १८८० साली, त्यांचा संग्रह आला १९५२ मध्ये, आचार्य अत्र्यांच्या प्रस्तावनेसह. त्यांची भाषाही खानदेशी बोली. दोघींत अडीचशे वर्षांचं अंतर आहे हो!

खरं दुखणं वेगळंच. संत बहिणाबाईंची गाथा कुणी उघडतच नाही. त्यात त्यांनी अभंगांतून स्वतःचं चरित्र सांगितलंय: नवऱ्याचा मार, कीर्तनाला पाठोपाठ येणारं वासरू, ते गेल्यावर आलेली मूर्च्छा. त्या काळातल्या बाईने स्वतःच्या तोंडून सांगितलेलं हे सगळं आणि आपल्याला पाठ काय, तर ‘तुका झालासे कळस’ एवढंच.

दिंडीच्या फलकासाठी कुणी ही पोस्ट उचलली असेल, तर छापायला देण्याआधी नाव आणि फोटो दोन्ही बदला.