गुबिंज, हिरडा आणि विकण्याचा हक्क

ऑगस्ट उजाडला की गावाकडून रानभाजी महोत्सवांचे फोटो यायला लागतात. टोपल्यांत करटोली, कुर्डू, भारंगी, टाकळा आणि मागे ओळीने उभे राहिलेले प्रमुख पाहुणे. पाठोपाठ ठरलेला वादही येतो. एक पक्ष म्हणतो, लागवड करा, पाकिटं करा, ब्रँड करा, आदिवासींच्या हाती पैसा खेळेल. दुसरा म्हणतो, शहराची जीभ लागली की रान उजाड होतं, तेव्हा रानातलं रानातच राहू द्या. ऑस्ट्रेलियात, ब्रिस्बेनमध्ये बसून हे वाचताना मला वाटतं की दोघेही मधला एक प्रश्न ओलांडून पुढे जातात. विकायचा हक्क कोणाचा?

इथल्या दुकानातली मॅकाडेमियाची पाकिटं आपली मंडळी भारतात जाताना हमखास नेतात. अनेकांना ते हवाईचं फळ वाटतं. झाड मूळचं क्वीन्सलँड आणि उत्तर न्यू साउथ वेल्सच्या पर्जन्यवनातलं, मूलनिवासींच्या पिढ्यान् पिढ्यांच्या खाण्यातलं. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात बी हवाईला गेलं, तिथे कलमं झाली, बागा उभ्या राहिल्या. लागवड झाली, ब्रँड झाला, पैसाही झाला. ज्यांनी ते फळ आधी ओळखलं त्यांच्या पदरात त्यातलं जवळजवळ काही पडलं नाही. लागवडवाल्यांनी हे उदाहरण उशाशी ठेवावं.

बरं, नुसती वनस्पती हाती आली म्हणजे अन्न हाती येतं असंही नाही. 1861 मध्ये बर्क आणि विल्स हे गोरे प्रवासी खंड ओलांडून परतताना कूपर क्रीकच्या काठी अडकले. तिथल्या यांद्रुवांधा लोकांनी त्यांना मासे दिले, नारदू नावाच्या पाणनेच्याच्या बीजकोषांची भाकरी दिली. पुढे बर्कने त्यांच्या डोक्यावरून गोळी झाडली, ते लोक निघून गेले, आणि उरलेले प्रवासी आपलं आपण नारदू गोळा करून खाऊ लागले. पोट भरायचं, पण अंगातली ताकद रोज उतरायची. नारदूमध्ये ब-1 जीवनसत्त्व नष्ट करणारा घटक असतो आणि तो घालवायची रीत या लोकांनी शिकून घेतली नव्हती, असं त्याचं एक प्रमुख स्पष्टीकरण आज दिलं जातं. बर्क आणि विल्स दोघेही तिथेच गेले. त्यांचा सोबती जॉन किंग तेवढा वाचला, कारण यांद्रुवांधांनी त्याला आपल्यात ठेवून घेतलं. आपल्याकडेही घसा खवखवणाऱ्या शेवळाच्या भाजीत काकडाची फळं का घालायची, कडूकंद किती वेळ वाहत्या पाण्यात ठेवायचा, हे ठाऊक असलेली बाई महोत्सवात टोपलीमागे बसलेली असते. फलकावर मात्र 'औषधी गुणधर्म' छापलेले असतात.

वायव्येकडच्या किंबर्ली भागात गुबिंज नावाचं छोटं हिरवट फळ येतं. इंग्रजीत ते काकाडू प्लम. क जीवनसत्त्वाचं प्रमाण थक्क करणारं. आपला हिरडा, बेहडा आणि अर्जुन याच वनस्पतिकुळातले आणि त्याच वंशाचे (जीनसचे). एका अमेरिकन सौंदर्यप्रसाधन कंपनीने या फळाच्या अर्काबाबत पेटंटचा अर्ज केला तेव्हा इथे बराच विरोध झाला. मला लगेच आपली हळद आठवली. 1995 मध्ये अमेरिकेने दिलेलं पेटंट माशेलकरांच्या नेतृत्वाखाली सीएसआयआर या आपल्या सरकारी संशोधन संस्थेने 1997 मध्ये रद्द करवलं. अभिमानाची गोष्ट खरीच. पण परक्याचं पेटंट पाडणं वेगळं आणि आपल्या माणसाला भाव मिळवून देणं वेगळं. जुन्नर-आंबेगावच्या डोंगरात बाळहिरडा गोळा करणाऱ्या महादेव कोळ्यांना हे कोणी समजावून सांगायची गरज नाही.

आता कायद्याचं. इथला 1993 चा नेटिव्ह टायटल कायदा, म्हणजे जमीन-पाण्यावरचे पारंपरिक हक्क मान्य करणारा कायदा, मूलनिवासींना शिकार, मासेमारी आणि कंदमुळं गोळा करण्याची मुभा देतो, पण ती घरच्या आणि समाजाच्या बिगरव्यापारी गरजेपुरती. न्यू साउथ वेल्सच्या दक्षिण किनाऱ्यावर अबालोनी नावाच्या खाण्याच्या समुद्री गोगलगाई काढल्याबद्दल मूलनिवासींवर खटले झाले, काही तुरुंगातही गेले. व्यापाराचा हक्क मिळवायला कोर्टात झगडावं लागतं. टोरेस सामुद्रधुनीच्या लोकांना तो मासेमारीपुरता 2013 मध्ये मिळाला.

आपला 2006 चा वनहक्क कायदा या बाबतीत थेट पुढे आहे. गौण वनोपज, म्हणजे बांबू, हिरडा असं इमारती लाकूड सोडून रानात मिळणारं, गोळा करायचं, वापरायचं आणि विकायचं, तिन्ही त्यात लिहिलेलं आहे. गडचिरोलीतल्या मेंढा-लेखा गावाला 2009 मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला, तरी बांबू बाहेर नेण्याचे परवाने ग्रामसभेच्या हाती यायला 2011 उजाडलं. परदेशात राहून घरच्या कायद्याचं कौतुक करायची वेळ फारशी येत नाही, म्हणून हे जरा ठासून सांगतो.

त्यामुळे लागवड हवी की नको यावर भांडण्याआधी महोत्सवातल्या प्रत्येक टोपलीबद्दल विचारावं की ती ज्या गावातून आली तिथल्या ग्रामसभेकडे हक्काचा कागद आहे का, आणि दर ठरवताना तिला कोणी विचारलं का. कागद नसेल तर पुढच्या ऑगस्टपर्यंत तो मिळवून देणं हे त्या फोटोतल्या प्रमुख पाहुण्यांचं काम आहे.